ओळख परेडला बोलावलंय पण चेहरा नक्की आठवत नाहीये, काय करू?

गोंधळलेला_साक्षीदार

नमस्कार मंडळी. जरा विचित्र प्रश्न आहे आणि डोकं ठिकाणावर नाहीये त्यामुळे लांबलचक लिहितोय, सांभाळून घ्या.

साधारण दोन-अडीच महिन्यांपूर्वी सकाळी फिरायला गेलो होतो तेव्हा आमच्या सोसायटीतल्या एका काकूंचं मंगळसूत्र बाईकवरच्या दोघांनी खेचलं. मी त्यांच्या थोडा मागेच होतो. गाडी चालवणाऱ्याने हेल्मेट घातलेलं, मागच्याने नव्हतं, आणि खेचल्यावर त्या मागच्याने एकदा वळून बघितलं. मला दिसला तो तेवढाच. त्यात अजून पुरतं उजाडलेलं नव्हतं. काकू पडल्या, हनुवटीला टाके पडले, मी त्यांना उचलायला धावलो, नंबर वगैरे बघायचं सुचलंच नाही. पोलिसांत जबाब दिला त्यात "सडपातळ, सावळा, वय २०-२५, केस बारीक" असं सांगितलं. अर्धा देश बसतो यात.

मध्ये काहीच झालं नाही. मग अचानक एक दिवस हवालदारांनी व्हॉट्सअ‍ॅपवर एक फोटो पाठवला आणि फोन करून म्हणाले हाच ना तो, दुसऱ्या एका केसमध्ये सापडलाय. मी म्हणालो तसाच वाटतोय, पण लांबून बघितलेला. ते म्हणाले ठीक आहे, बोलावू. आता पत्र आलंय, जेलमध्ये ओळख परेड आहे, पुढच्या आठवड्यात.

अडचण अशी की आता मी डोळे मिटून तो प्रसंग आठवायला गेलो की मला तो व्हॉट्सअ‍ॅपवालाच चेहरा दिसतो. बाईकवरचा चेहरा म्हणून वेगळं काही उरलेलंच नाही. परेडमध्ये मी त्याला शंभर टक्के ओळखीन, पण फोटोतला माणूस म्हणून, चोर म्हणून नाही. काकू मात्र ठाम आहेत, "मी त्याला जन्मात विसरणार नाही" म्हणतात, खरं तर त्या तेव्हा तोंडावर पडलेल्या होत्या पण हे त्यांना कोण सांगणार. घरचे म्हणतात एवढा विचार कशाला, पोलिसांनी पकडलाय म्हणजे तोच असणार, हो म्हण आणि मोकळा हो. सोसायटीच्या ग्रुपवर तर मी जणू चोराचा नातेवाईक आहे असं चाललंय.

प्रश्न:
नक्की सांगता येत नाही असं तिथे म्हटलं तर चालतं का? माझ्यावर काही येईल का, खोटा जबाब दिला वगैरे? आणि फोटो दाखवला होता हे सांगावं की गप्प बसावं?

माजी_नायब

महसूल खात्यातून निवृत्त झालोय. नायब तहसीलदार असताना कार्यकारी दंडाधिकारी म्हणून अशा परेड घेतलेल्या आहेत, त्यामुळे थोडं सांगू शकतो.

पहिलं म्हणजे "ओळखता येत नाही" हे उत्तर चालतं. मेमोरँडममध्ये आम्ही तेच लिहायचो, साक्षीदाराने कोणालाही ओळखले नाही, संपलं. त्याबद्दल कोणावर काही कारवाई होत नाही. माझ्या परेडमध्ये कितीतरी साक्षीदार रांगेपुढून दोनदा फिरून "नाही साहेब" म्हणून गेलेत, आणि मला उलट त्यांच्याबद्दल जास्त भरवसा वाटायचा. एक-दोघांनी तर डमीलाच हात लावलाय. डमी म्हणजे रांग भरायला आरोपीसोबत उभा केलेला माणूस, हा आमच्याच ऑफिसात दाखला काढायला आलेला, बिचारा पांढराफटक पडला होता.

प्रोसिजर अशी असते. पोलिसांनी आत थांबायचं नसतं. दोन पंच असतात. हायकोर्टाच्या क्रिमिनल मॅन्युअलमध्ये लिहिलंय की एक आरोपी असेल तर निदान सहा डमी, दोन असतील तर दहा-बारा, आणि एका परेडमध्ये शक्यतो दोनच्या वर आरोपी नकोत. डमी दिसायला, वयाला, अंगकाठीला जवळपास हवेत. आरोपीने रांगेत कुठे उभं राहायचं ते त्यानेच ठरवायचं, हवं तर कपडे बदलायचे, आणि एक साक्षीदार होऊन गेला की पुन्हा जागा बदलायची मुभा. चेहऱ्यावर व्रण असेल तर त्या जागी सगळ्यांनाच कागदाचा तुकडा चिकटवायचा. साक्षीदार एकेक करून आत, आणि जो आत जाऊन आला त्याची बाहेर बसलेल्यांशी गाठ पडता कामा नये. म्हणजे तुमच्या काकू आणि तुम्ही वेगवेगळे.

हे झालं पुस्तकातलं. प्रत्यक्षात डमी मिळायची मारामार असते. जेलमध्ये घेतली तर दुसरे कच्चे कैदी उभे करतात, त्यात आरोपी विशीतला आणि शेजारी चाळिशीतले पोट सुटलेले असं मी स्वतः बघून परेड थांबवलेली आहे. जेलरसाहेब वैतागले, वैतागू देत.

आता तुमच्या फोटोचं. तुम्ही आत गेल्यावर दंडाधिकारी तुम्हाला विचारतीलच की घटनेनंतर या इसमाला किंवा त्याचा फोटो कुठे पाहिला का, पोलिसांनी दाखवला का. नाही विचारलं तर तुम्ही आपणहून सांगा, रांगेपुढे जायच्या आधी, आणि म्हणा हे लिहून घ्या. एवढं केलंत तर तुमचं काम झालं, त्याचं पुढे काय करायचं ते कोर्ट बघेल.

खवट_कोल्हापुरी

काय राव, म्हणजे पोलिसांनी मरमर करून चोर पकडायचा आणि साक्षीदाराने जाऊन "माझा नेम नाही" म्हणायचं. असंच सुटतात सगळे. उद्या तोच परत दुसऱ्या कुणाच्या आईचं मंगळसूत्र ओढणार, मग लिहा इथे धागा. पोलिसांना काय वेड लागलंय का कुणालाही उचलायला. त्याच्यावर आधीची केस आहे की.

वकीलबाई

@खवट, आधीची केस आहे म्हणून तर फोटो पोलिसांच्या मोबाईलमध्ये होता. एकदा रेकॉर्डवर आला की पुढच्या प्रत्येक चोरीत पहिला फोटो त्याचाच फिरतो, तोच चोर असेल किंवा नसेलही. फोटो दाखवणं तपासात चालतं, पण तेव्हा अजून संशयित ठरलेला नसावा आणि चार-सहा जणांचे एकत्र दाखवावेत. एकच फोटो पाठवून "हाच ना" विचारणं म्हणजे उत्तर सांगून परीक्षा घेणं झालं.

@गोंधळलेला, मी सेशन्सला फौजदारी बाजू करते, आरोपीकडून जास्त, कधीकधी मूळ फिर्यादीकडूनही. तुमच्या प्रश्नाचं कायद्यातलं उत्तर असं आहे.

ओळख परेड हा स्वतः पुरावा नाहीच, म्हणजे ठोस पुरावा नाही. ठोस पुरावा म्हणजे तुम्ही कोर्टात शपथेवर पिंजऱ्याकडे बोट दाखवून "हाच तो" म्हणता ते. परेड फक्त त्या बोलण्याला आधार द्यायला असते. पण कोर्टात पिंजऱ्यात एकच माणूस उभा असतो, त्याला कोणीही ओळखेल, म्हणून अनोळखी आरोपीच्या बाबतीत परेडशिवाय थेट कोर्टात ओळखलं तर त्याला किंमत नाही असं सुप्रीम कोर्टाने कानन विरुद्ध केरळ मध्ये १९७९ ला म्हटलं. पुढे २००३ च्या मलखानसिंगमध्ये म्हटलं की परेड झाली नाही म्हणून केस लगेच मोडत नाही, साक्षीदाराला चेहरा नीट बघायला भरपूर वेळ मिळाला असेल तर कोर्टातली ओळखही पुरेशी होऊ शकते. त्या केसमध्ये पीडित बाईने आरोपींना दिवसाढवळ्या जवळून पाहिलं होतं. म्हणजे सगळं येऊन थांबतं कुठे, तर उजेड किती, अंतर किती, वेळ किती, आणि मध्ये कोणी चेहरा दाखवला का. आणि परेडच्या आधीच साक्षीदाराला आरोपी दाखवला असेल तर त्या परेडला अर्थ उरत नाही, हे शेख उमर अहमद शेख विरुद्ध महाराष्ट्र, १९९८ मध्ये आलेलं आहे, आपल्याच राज्यातली केस.

खोट्या साक्षीचं भय मनातून काढा. "मला खात्री नाही" हे खरं असेल तर ती खोटी साक्ष कशी होईल? खोटी साक्ष होते ती खात्री नसताना "खात्रीने सांगतो" म्हटलं की. आणि उलटतपासणीत माझ्यासारखी बाई तुम्हाला विचारणारच, "परेडच्या आधी पोलिसांनी तुम्हाला मोबाईलवर फोटो दाखवला हे म्हणणे खरे आहे काय?" तेव्हा शपथेवर काय सांगणार ते आत्ताच ठरवा. तो व्हॉट्सअ‍ॅप मेसेज डिलीट करू नका.

आणखी एक, पोलिसांकडच्या जबाबावर साक्षीदाराची सही घ्यायची नसते. तुमची घेतली असेल तर घाबरू नका पण लक्षात ठेवा.

आता खवटरावांच्या "पोलिसांना काय वेड लागलंय का" वर जरा सविस्तर लिहिते, कारण हा प्रश्न मला लग्नकार्यातसुद्धा विचारतात.

नाशिकची केस बघा. जून २००३. शेतातल्या झोपडीत राहणारं कुटुंब, रात्री दरोडा पडला, पाच माणसं मारली, घरातल्या बाईवर आणि मुलीवर बलात्कार झाला, मुलगी त्यातच गेली. वाचले फक्त दोघं, आई आणि मुलगा. ऐकूनच तळपायाची आग मस्तकात जावी असा गुन्हा, आणि पोलिसांवर प्रेशर किती असेल ते सांगायला नको. पकडले सहा जण, सगळे भटक्या जमातीतले, गरीब, मजुरी करणारे. दोन्ही साक्षीदारांनी कोर्टात त्यांना ओळखलं. २००६ ला नाशिकच्या सेशन्स कोर्टाने सहाही जणांना फाशी दिली. २००७ ला हायकोर्टाने तिघांची कायम ठेवली, तिघांना जन्मठेप केली. २००९ ला सुप्रीम कोर्टाने सरकारचं अपील मान्य करून त्या तिघांनाही परत फाशी. म्हणजे तीन कोर्टं झाली, सहा माणसं फासाच्या दोरापाशी.

मग पुनर्विलोकन अर्जावर सगळं प्रकरण पुन्हा उघडलं, आणि ५ मार्च २०१९ ला त्याच सुप्रीम कोर्टाने सहाही जणांना निर्दोष सोडलं. अंकुश मारुती शिंदे विरुद्ध महाराष्ट्र राज्य. वाचाच.

कारण काय? तर घटनेनंतर लगेचच, दोन-तीन दिवसांत, पोलिसांनी त्या वाचलेल्या बाईंना रेकॉर्डवरच्या गुन्हेगारांचे फोटो दाखवले होते आणि त्यांनी त्यातल्या चार जणांना ओळखलं होतं. चार वेगळ्याच जणांना! या सहांपैकी एकही नाही. दंडाधिकाऱ्यापुढे नोंद झालेली होती. ते चौघे पुढे गेले कुठे, त्यांचा तपास का केला नाही, याचं उत्तर सरकारी पक्षाकडे नव्हतं. आणि हा कागद खटल्यात आरोपींच्या बाजूने कोणी नीट पुढे आणलाच नाही, कारण अशा लोकांना वकील कसा मिळतो ते आम्ही रोज बघतो. कोर्टाने प्रत्येकाला पाच लाख द्यायला सांगितलं, चूक करणाऱ्या अधिकाऱ्यांची चौकशी करायला सांगितली. सोळा वर्षं आत होते. त्यातली कित्येक वर्षं फाशी यार्डात.

मला या केसमध्ये त्या बाईंचा अजिबात राग येत नाही. त्यांच्यासारखं कोणावर गुदरू नये. पण ताज्या आठवणीत त्यांनी जे सांगितलं ते बाजूला पडलं, आणि पुढे जी माणसं समोर उभी केली गेली त्यांचेच चेहरे पक्के होत गेले. आणि खरं कोणी केलं ते आजही कोर्टात सिद्ध झालेलं नाही. खवटराव, गुन्हेगार मोकळे राहिले ते इथे राहिले, चुकीच्या ओळखीमुळे.

चर्चगेट_स्लो

वकीलबाई, तुमचं पटतंय पण पचत नाही.

११ जुलै २००६ ला मी वेस्टर्नलाच होतो, माझी गाडी पुढे निघून गेली म्हणून वाचलो एवढंच. माटुंगा, माहीम, वांद्रे, खार, जोगेश्वरी, बोरिवली, मीरा रोड, ११ मिनिटांत लोकलमध्ये सात स्फोट, १८९ माणसं गेली. आमच्या ग्रुपमधला एक जण फर्स्ट क्लासचा पासवाला होता, तो गेला. २०१५ ला मोक्का कोर्टाने १२ जणांना दोषी धरलं, पाच जणांना फाशी, तेव्हा वाटलं चला काहीतरी झालं. आणि जुलै २०२५ ला हायकोर्टाने बाराच्या बारा निर्दोष. त्यातला एक तर आधीच जेलमध्ये कोविडने वारला होता. ठीक आहे, हे नव्हते, मानलं. मग कोण होते? १९ वर्षांनी आता कोण शोधणार? मला या सगळ्या कायद्याच्या चर्चेत ती १८९ माणसं कुठेच दिसत नाहीत, सॉरी जरा कडू लिहितोय.

वकीलबाई

@चर्चगेट_स्लो, सॉरी कशाला. कडू वाटायलाच हवं.

पण तो निकाल कशावर फिरला ते बघा. मोठा भाग साक्षीदारांच्या ओळखीवरच आहे. आरोपींना चर्चगेटला सोडलं म्हणणारे टॅक्सीवाले घटनेनंतर शंभरहून जास्त दिवस गप्प होते. मुंबईतला टॅक्सीवाला दिवसाला किती भाडी मारतो, त्यातले दोन पॅसेंजर, ज्यांच्याशी भांडण नाही, काही वेगळं घडलं नाही, त्यांचे चेहरे साडेतीन महिन्यांनी नेमके आठवायचं कारण काय असा कोर्टाचा सवाल होता. आणि ज्या विशेष कार्यकारी अधिकाऱ्याने परेड घेतली त्याला त्या वेळी परेड घ्यायचा अधिकारच नव्हता असं कोर्टाने म्हटलं, म्हणजे परेडच गेली. कबुलीजबाब एकमेकांची कॉपी वाटावेत इतके सारखे, हे आणखी वेगळं. तीन दिवसांनी २४ जुलैला सुप्रीम कोर्टाने त्या निकालाला एवढ्यापुरती स्थगिती दिली की दुसऱ्या केसेसमध्ये तो दाखला म्हणून वापरू नये, सुटलेल्यांना परत आत घातलं नाही. अपील आहे, त्यामुळे शेवटचा शब्द अजून बाकी आहे हेही लक्षात ठेवा.

आता त्याच मुंबईतलं २६/११ घ्या. कसाबलाही साक्षीदारांनी ओळखलंच होतं, कुबड्या घेऊन आलेल्या लहान मुलीने कोर्टात बोट दाखवलं ते सगळ्यांना आठवत असेल. पण ती केस नुसत्या बोट दाखवण्यावर उभी नव्हती. सीएसएमटीवर काढलेले त्याचे फोटो होते, तो गिरगाव चौपाटीला जिवंत हातात आला होता, हत्यार होतं, सोबत डीएनएचा पुरावा होता. साक्षीदार बरोबर बोलतोय का हे तपासायला बाहेरचं काहीतरी होतं. आणि त्याच खटल्यात दोन भारतीय आरोपी पुराव्याअभावी सुटले, तिन्ही कोर्टांत, हे लोक विसरतात. देशातला सगळ्यात संतापजनक खटला, तरी पुरावा नाही तिथे सोडलं.

आणि @खवट तुमच्या बाजूनेही सांगते नाहीतर म्हणाल एकतर्फी. शिवाजी बोबडे विरुद्ध महाराष्ट्र, १९७३, न्यायमूर्ती कृष्ण अय्यरांचा निकाल. त्यात त्यांनी एकीकडे म्हटलंय की आरोपीने केलं असावं आणि आरोपीनेच केलं यातलं अंतर लांब आहे, ते पुराव्याने भरून काढावं लागतं. आणि त्याच निकालात न्यायाधीशांना झापलंय की बारीकसारीक शंका काढून ऊठसूट संशयाचा फायदा देत सुटू नका, त्यानेही लोकांचा कायद्यावरचा विश्वास उडतो. आम्ही बचावाचे वकील पहिलं वाक्य वाचून दाखवतो, पीपी, म्हणजे सरकारी वकील, दुसरं. एकच साक्षीदार असला तरी शिक्षा होऊ शकते, तो भरवशाचा हवा एवढंच. साक्षीदार मोजायचे नसतात.

खवट_कोल्हापुरी

नाशिकचं माहीत नव्हतं. वाचतो.

पण एक सांगा, काकू खोटं बोलत नाहीयेत ना? त्यांना काय मिळणार खोटं बोलून? मग एवढ्या ठामपणे कशा काय सांगतात?

मेंदूवाली_मेघा

हा प्रश्न माझा, द्या इकडे. (मानसशास्त्रात पीएचडी करतेय, स्मरणशक्तीवर, गाइड वाचत असतील तर मी प्रबंधच लिहितेय.)

काकू अजिबात खोटं बोलत नाहीयेत. त्यांना मनापासून तसंच दिसतंय. लोकांना वाटतं आठवण म्हणजे आत कुठेतरी रेकॉर्डिंग पडलेलं आहे, प्ले केलं की झालं. तसं नसतं. प्रत्येक वेळी आठवताना ती नव्याने जुळवली जाते आणि मध्ये जे जे ऐकलं, पाहिलं, ग्रुपवर वाचलं ते त्यात मिसळतं. एलिझाबेथ लॉफ्टस या बाईंनी १९७४ मध्ये लोकांना गाड्यांच्या टकरीची फिल्म दाखवली आणि नंतर वेग विचारला. काहींना विचारलं गाड्या "लागल्या" तेव्हा वेग किती होता, काहींना विचारलं "धडकून चुराडा झाल्या" तेव्हा किती. फिल्म तीच, पण दुसऱ्यांनी वेग जास्त सांगितला, आणि आठवड्याने विचारलं तर त्यातल्या बऱ्याच जणांना फुटलेली काच पण आठवली. फिल्ममध्ये काच फुटलेलीच नव्हती. मग विचार करा "हाच ना तो" या प्रश्नाने काय होत असेल.

आणि ठामपणाचं. अमेरिकेतली जेनिफर थॉम्पसनची केस आमच्या फील्डमध्ये सगळ्यांना पाठ आहे. १९८४, नॉर्थ कॅरोलायना, कॉलेजात शिकणारी मुलगी, घरात घुसून बलात्कार. तिने त्या अवस्थेतही ठरवून त्याचा चेहरा नीट बघून ठेवला की वाचले तर याला आत घालीन. म्हणजे यापेक्षा चांगली साक्षीदार कुठून आणणार! पोलिसांनी फोटो दाखवले, तिने रोनाल्ड कॉटन नावाचा एक निवडला. मग प्रत्यक्ष रांगेत परत तोच निवडला, आणि पोलीस म्हणाले फोटोत पण तू यालाच निवडलं होतंस. झालं, तिथून ती पक्की झाली. १९८७ ला दुसऱ्यांदा खटला चालला तेव्हा खरा गुन्हेगार, बॉबी पूल, कोर्टात तिच्यासमोर आणून उभा केला होता, आणि ती म्हणाली याला मी आयुष्यात पाहिलेलं नाही. १९९५ ला डीएनए झाला आणि तो पूलच निघाला. कॉटन दहा वर्षांहून जास्त आत होता. पुढे ती आणि कॉटन दोघं मिळून हेच सांगत देशभर फिरले, हे मला अजूनही अचाट वाटतं.

तिथे डीएनएने निर्दोष ठरलेल्या लोकांच्या केसेस बघितल्या तर दोन तृतीयांशांहून जास्त केसेसमध्ये साक्षीदाराने चुकीचं ओळखलेलं होतं. सगळे खोटारडे नव्हते.

म्हणून ठामपणा कधीचा आहे ते बघायचं. पहिल्याच वेळी, कोणी काही न सांगता, लगेच ओळखलं आणि तेव्हाच खात्री होती, तर त्याला वजन आहे. सहा महिन्यांनी कोर्टात जो ठामपणा येतो त्यात पोलिसांचं "शाब्बास" आणि शेजाऱ्यांचं "बरं झालं पकडला" हेही भरलेलं असतं. तिकडे आता बऱ्याच ठिकाणी नियम केलाय की रांग दाखवणाऱ्या अधिकाऱ्यालाच माहीत नसावं आरोपी कोण, आणि ओळखल्या क्षणी साक्षीदाराची खात्री किती ते त्याच्याच शब्दांत लिहून घ्यायचं.

@माजी_नायब काका, आपल्याकडे दंडाधिकाऱ्याला माहीत असतं ना आरोपी कोणता?

माजी_नायब

असतं. त्याची सही घ्यायची असते, त्याला जागा निवडायला सांगायचं असतं, माहीत नसून कसं चालेल. मी आपला साक्षीदार रांगेपुढून चालायला लागला की खिडकीकडे तोंड करून उभा राहायचो. कोणी शिकवलं नव्हतं, पण एकदा एका बाई रांगेकडे न बघता माझ्याकडेच बघत होत्या, तेव्हापासून. पंचांनाही तेच सांगायचो. तुम्ही म्हणता तसं अनभिज्ञ माणसाकडून करून घ्यायचं तर दुसरा दंडाधिकारी हवा, आणि आमच्याकडे एकाला सातबारा, निवडणूक, दुष्काळ, मोर्चा यातून वेळ काढून जेलात जावं लागतं. खात्री किती ते शब्दांत लिहून घेणं मात्र सहज जमेल, त्याला काही खर्च नाही. आमच्या छापील नमुन्यात तो रकानाच नव्हता.

७/११ च्या अधिकाराच्या मुद्द्यावर आमच्यात बरीच चर्चा झाली. एवढ्या मोठ्या केसमध्ये परेड घेणाऱ्याची नेमणूक चालू आहे का हा कागद एका दिवसात बघता आला असता.

गोंधळलेला_साक्षीदार

सगळ्यांचे खूप आभार, एवढं कोणी लिहील असं वाटलं नव्हतं. नाशिकचा निकाल शोधून वाचला, झोप उडाली.

ठरवलंय की जाणार, फोटोचं आधी सांगणार, आणि रांगेत तो दिसला तर म्हणणार की हा मला मोबाईलवर दाखवलेल्या फोटोतला माणूस वाटतो, बाईकवरचा हाच का ते सांगता येत नाही. असं चालेल ना? की नुसतं ओळखत नाही म्हणू?

आणि काकूंना काही सांगू का? त्यांनाही तोच फोटो गेलाय.

वकीलबाई

पहिलंच वाक्य बोला, आहे तसं. नुसतं ओळखत नाही म्हणालात तर तेही पूर्ण खरं नाही, आणि उद्या कोर्टात तुम्हाला फितूर ठरवायला पीपीला कारण मिळेल. तुमच्याच शब्दांत लिहून घ्या म्हणा, "साक्षीदाराने ओळखले" एवढ्यावर गुंडाळू देऊ नका.

काकूंना काय ओळखायचं आणि काय नाही यावर अवाक्षर बोलू नका. तुम्ही एक साक्षीदार, त्या दुसऱ्या. तुम्ही त्यांना पढवलं असं निघालं तर तुमची दोघांची साक्ष गेली. त्यांना फोटो आला होता हे तुम्हाला माहीत आहे, तेवढं विचारलं तर सांगा.

चर्चगेट_स्लो

आणि सोसायटीचा ग्रुप म्यूट करा परेड होईपर्यंत.

माजी_नायब

ओळखपत्र आणि ते पत्र सोबत ठेवा. मोबाईल जेलच्या गेटवरच जमा होतो, तेव्हा फोटो कधी आला ती तारीख-वेळ कागदावर लिहून न्या, आत दाखवता येणार नाही. सकाळी अकराची वेळ दिली असेल तर डबा घेऊन जा, डमी गोळा होईपर्यंत दोन वाजतात.